साडेतीन मीटरांच्या आड आलेला दगड

मी दगड बोलतोय. देव नाही, दगड. माझ्यासमोर हात जोडले असतील तर ते आधी स्टिअरिंगवर ठेवा आणि मग ऐका.

हे पहिल्यांदा सांगायला लागतं, कारण सध्या माझ्या अंगावर बोटभर शेंदूर आहे, नारळाच्या पाण्याने डोकं चिकट झालंय आणि येणारा-जाणारा प्रत्येक ड्रायव्हर मला नमस्कार ठोकून पुढे जातो. टाकीचे घाव सोसल्यावाचून देवपण येत नाही, असं तुम्हीच म्हणता ना? मला टाकीचा एकही घाव लागलेला नाही. सुरुंगाचा लागला, पण तो काही देवपणासाठी नव्हता.

भिवंडीजवळच्या एका खदानीत मला डोंगरापासून तोडलं. माझ्याबरोबरचे सगळे क्रशरमध्ये जाऊन खडी झाले. भिवंडी-वाडा रस्ता रुंद व्हायचा होता, त्यासाठी खडी लागत होती. मी एका डंपरमध्ये सगळ्यांच्या वर बसलो होतो. अंबाडीच्या अलीकडे एका पाड्यापाशी डंपरने खड्ड्यात गचका खाल्ला आणि मी खाली पडलो. ड्रायव्हरने आरशातून मला पाहिलं आणि तो निघून गेला.

दुसऱ्या दिवशी एका ट्रकचं टायर बसलं. क्लीनरने मला उचलून मागच्या चाकाला लावलं. टायर बदललं, ट्रक गेला, मी रस्त्याच्या मधोमध तसाच. तासाभराने एक मोटारसायकलवाला माझ्यावरून घसरून पडला, कोपर सोलवटलं. "कुठल्या गाढवाने टाकला दगड रस्त्यात?" म्हणून त्याने भरपूर शिव्या दिल्या. शिव्या देऊन झाल्यावर तोही मला तिथेच ठेवून गेला. माणसाच्या जातीबद्दल माझं मत तेव्हा जे झालं, ते अजून बदललेलं नाही.

मला बाजूला घेतलं ते कमळाने. पाड्यातली शेतकरीण, पन्नाशीची, हाडाने चिवट. तिने मला पायाने लोटत लोटत तिच्या घरासमोर कडेला आणून ठेवलं. दया-बिया काही नव्हती. बसायला दगड हवा होता तिला.

रुंदीकरणाचं काम अजून मागेच होतं, त्यामुळे जुना रस्ता मी डोळ्यांनी पाहिला. जेमतेम पावणेचार मीटर. समोरासमोर दोन ट्रक आले की एकाला मातीत उतरावं लागे. मग माना बाहेर यायच्या, "पहले तू निकल," "तेरे बाप का रोड है क्या?" सुरू व्हायचं. तोंडं चालायची, पण गाड्या हळू चालायच्या. शिव्यांनी कोणाचं हाड मोडत नाही.

कमळाचा नवरा पंढरी. बावीस वर्षं भिवंडीच्या कामतघरला पॉवरलूमवर होता. लूमच्या खडखडाटात त्याचे दोन्ही कान गेले, तेव्हा कारखाना सोडून गावी आला. घर रस्त्याच्या या बाजूला, वांग्या-वालाची वाडी आणि म्हशीचा गोठा त्या बाजूला. म्हणून दिवसातून चार वेळा त्याला रस्ता ओलांडावा लागतो. जुना रस्ता तो सहा पावलांत ओलांडायचा. मधेच गाडी आली तर गाडीच थांबायची.

मग नवा रस्ता आला, आणि त्याबरोबर आले श्रीनाथ साहेब, कामावरचे इंजिनिअर. चष्मा, खिशात दोन पेनं, हातात मोजायची टेप. चहाच्या टपरीवर त्यांनी लोकांना समजावून सांगितलं. "दोन पट्ट्या, प्रत्येक साडेतीन मीटरची. ट्रक अडीच मीटर रुंद. म्हणजे दोन्ही बाजूंना अर्धा-अर्धा मीटर मोकळा. ड्रायव्हरचा हात जरा हलला तरी गाडीला गाडी लागायची नाही. रुंद पट्टी चूक माफ करते." माणूस वाईट नव्हता. हे मी फार कमी जणांबद्दल म्हणतो.

त्यांचं गणितही चुकलं नव्हतं. चुकली ती तुमची जात. तो मोकळा मीटर तुम्ही सावधपणासाठी शिल्लक ठेवला नाहीत, सगळाच्या सगळा वेगावर उधळलात. जे ट्रक इथून कण्हत-कुथत जायचे, ते वाऱ्यासारखे सुटायला लागले. एका हातात स्टिअरिंग, दुसऱ्या हातात मोबाइल. समोरून काय येतंय ते बघायचं कारणच उरलं नव्हतं. पंढरीला मात्र आता अकरा-बारा पावलं टाकावी लागत होती.

त्या वर्षी भात झोडून झालं आणि कमळाने ते नव्या डांबरावर वाळत घातलं. सगळा पाडा घालतो. एवढं गुळगुळीत, तापणारं अंगण कोणाच्या बापजन्मी मिळालं होतं? गाड्या भातावर येऊ नयेत म्हणून तिने आम्हा आठ-दहा दगडांना चुना फासला आणि पट्टीच्या आत पाऊण मीटरवर ओळीने मांडलं. मी सगळ्यात मोठा, म्हणून भिवंडीच्या बाजूला पहिला. चुना फासून घ्यायला मला कोणी विचारलं नाही.

साडेतीन मीटरांचे राहिले पावणेतीन. आणि मी काय पाहिलं? दुरून सुसाट येणारा ट्रक मला बघून दचकायचा, ब्रेक लावायचा, दोन्ही हात स्टिअरिंगवर घ्यायचा. तो मधल्या रेषेकडे सरकला की समोरचाही हळू व्हायचा. पंधरा दिवस पंढरी खुशाल येत-जात होता.

श्रीनाथ साहेब आले आणि भडकले. "कमळाबाई, हा रस्ता आहे, तुमचं खळं नाही! या दगडावर कोणी आपटून मेला तर?"

"भात हाय साहेब, चार दिवसांत उचलतंय. गरिबाच्या पोटावर पाय देता का?"

साहेब पुटपुटत गेले. त्यांचं म्हणणं खोटं नव्हतं. माझ्यापायी एक कोपर सोलवटलं होतंच.

पौषात भात कणगीत गेलं, आम्ही कडेला गेलो आणि रस्ता पुन्हा साडेतीन-साडेतीन मीटरांचा झाला. आठव्या दिवशी कापडाचे तागे भरलेला टेम्पो आला. पंढरी वांग्यांची पाटी घेऊन मध्यावर होता. टेम्पोचा आरसा त्याला लागला आणि तो फेकला गेला. मनगट मोडलं, कपाळ फुटलं, वांगी रस्ताभर झाली. टेम्पोवाला थांबला, एवढं पुण्य त्याच्या पदरी घाला. पण उतरून म्हणतो काय, "चाचा, इतना हॉर्न दिया मैंने!"

बहिऱ्याला हॉर्न! याला म्हणतात दगडासमोर गाणं, आणि वर दगड आम्ही.

कमळा रडली नाही. तिने त्याला दवाखान्यात नेलं, हाताला प्लॅस्टर करून आणलं. मग दारात बसून ती बराच वेळ रस्त्याकडे बघत राहिली. मोकळ्या रस्त्याकडे, आणि कडेला पडलेल्या आमच्याकडे. सकाळी कणगीतलं दोन पोती भात काढून तिने रस्त्यावर पसरलं आणि आम्हाला जागच्या जागी मांडलं.

शेजारच्या गोदूने विचारलं, "गो कमळे, सुकलेलं भात परत काय सुकवतंस?"

"ओल लागलीय त्याला."

ती ओल चार महिने गेली नाही. तीच दोन पोती. रोज सकाळी पसरायची, पायाने वर-खाली करायची, संध्याकाळी भरायची. पाड्यातल्या चिमण्या लठ्ठ झाल्या, भात दीड पोत्यावर आलं. लोक म्हणाले, नवरा पडल्यापासून कमळाच्या डोक्यावर परिणाम झालाय. म्हणू देत. एवढ्या पाड्यात शहाणी तेवढी एकच होती, आणि ती दगडांच्या बाजूची होती.

वैशाखात श्रीनाथ साहेब पुन्हा आले. बरोबर मुकादम चांगदेव होता. साहेबांनी वाकून चार दाणे उचलले आणि एक दाताखाली धरला. कट्कन आवाज आला.

"कमळाबाई, हे भात डिसेंबरातच वाळलंय. मला काय येडा समजता? हे दगड कशाला ठेवलेत?"

ती एकदम उभी राहिली. "गाड्यांना अडवायला! आमच्या ह्यांना ऐकू येत न्हाय. बारा पावलं हाय तुमचा रस्ता. तुमीच बोललात ना, रुंद पट्टी चूक माफ करतं? चूक गाडीवाल्याला माफ होतं, साहेब. आमच्या ह्यांना कोन माफ करतंय?"

साहेबांनी चष्मा काढून पुसला. नियम साडेतीन मीटरचा होता, त्यात पंढरी कुठेच बसत नव्हता. "पावसाळ्यापर्यंत ठेवा," ते शेवटी म्हणाले. "मला सात जूनला रस्ता मोकळा दाखवायचाय. तेव्हा तुमच्याकडे भाताचा बहाणाही नसेल."

खरंच होतं. पावसात भात कोण वाळवतं?

सहा जूनला कमळा अंबाडीच्या बाजारात गेली आणि शेंदराची पुडी घेऊन आली. तेलात कालवून तिने माझ्या डोक्यावर थापला. दोन झेंडूची फुलं ठेवली, मागे बांबूला लाल फडकं बांधलं. पंढरी बघत होता. "ह्या कोनता देव?" त्याने विचारलं. ती त्याच्या कानात ओरडली, "रस्त्याचा!"

दुसऱ्या दिवशी माणसं पहारी घेऊन आली. मला बघताच चांगदेवने चपला काढल्या. "साहेब, मी हात लावणार न्हाय. पोराबाळांचा धनी हाय मी." बाकीचे तर दहा हात मागेच. काल याच चांगदेवने माझ्यावर पाय ठेवून तंबाखू मळली होती!

"काल हा दगड होता!" साहेब ओरडले.

"सपनात आला," कमळा म्हणाली. खोटं बोलताना तिने साहेबांच्या डोळ्यांवरून नजर हटवली नाही.

तेवढ्यात पंढरी गोठ्याकडे निघाला. साहेब बघत राहिले. म्हातारा माझ्याजवळ आला. प्लॅस्टर निघाल्यावरही वाळलेलाच राहिलेला डावा हात त्याने माझ्या डोक्यावर टेकला. नमस्कार नाही केला, टेकू घेतला. उजवीकडे बघितलं, डावीकडे बघितलं. एक ट्रक मला बघून हळू झाला. मग पंढरी सावकाश पलीकडे गेला. साहेबांनी टेप काढून माझ्यापासून मधल्या रेषेपर्यंत मोजलं आणि वहीत लिहिलं, 'पूजास्थान. हलवल्यास लोकांचा विरोध. येथे पट्टी पावणेतीन मीटर.' दोन दिवसांनी त्यांनी माझ्या अलीकडे तिरप्या पांढऱ्या रेषा मारून घेतल्या आणि 'वाहने सावकाश चालवा' असा फलक लावला. साडेतीन मीटरवाला माणूस माझ्यापायी खोटं लिहून गेला. पुढे त्यांची बदली झाली.

या गोष्टीला चार वर्षं झाली. या चार वर्षांत रस्त्यावर पुढे-मागे माणसं गेली, गुरं गेली. माझ्यासमोर कोणाला ओरखडाही आला नाही. आणि याचं श्रेय कोणाला? देवाला! ड्रायव्हर म्हणतात, जागृत स्थान आहे. अरे, तुम्ही भक्तीने हळू होत नाही. माझ्यावर आपटलात तर तुमचा ॲक्सल तुटेल, म्हणून हळू होता. बहिऱ्या म्हाताऱ्यावर आपटलं तर तुमचं काही तुटत नाही, हा तुमचा सगळा धर्म.

पण त्यांचा राग मला सवयीचा झालाय. खरा राग आलाय कमळाचा.

पहिलं वर्ष ती शेंदूर लावताना गालात हसायची. दुसऱ्या वर्षी हसणं थांबलं. तिसऱ्या वर्षी तिने मला नारळ फोडला आणि म्हणाली, "देवा, तूच राखलंस ह्यांना." मी राखलं? मी पाऊण मीटर अडवून बसलो, बाई, आणि बसवलंस तू! तुझी अक्कल माझ्या नावावर कशाला मांडतेस?

आता २००९ चाललंय. रस्ता चौपदरी होणार. नवे साहेब आले, माझ्यावर लाल रंगाचा बाण काढून गेले आणि मग हात जोडून पाड्यात बोलले, "देवाला आम्ही सन्मानाने हलवू. कडेला टाइल्सचं देऊळ बांधून देऊ." मला वाटलं, कमळा अंगावर धावून जाईल. तिने डोळ्यांना पदर लावला. "बरं होईल," म्हणाली. "देव उन्हापावसात बसलाय. तिथनं पन राखील तो ह्यांना."

नाही राखणार. कमळे, ऐक, मी कडेला गेलो की मी कोणी नाही. चांदीचे डोळे लावा, घंटा बांधा, त्या देवळातून मला एक सायकलसुद्धा अडवता येणार नाही. मला टाइल्स नकोत. शेंदूर खरवडून काढा, हवं तर पुन्हा चुना फासा, पण मला नाहीतर माझ्या जागी दुसरं काही रस्त्यात राहू द्या. मी पाऊण मीटर मागतोय. एवढ्या वर्षांत मी तुमच्याकडे दुसरं काही मागितलं नाही.

पण दगडाचं कोण ऐकतं? आणि देवाचं तर तुम्ही कधीच ऐकत नाही, त्याला फक्त सांगत असता.

परवा गुरुवार, चांगला मुहूर्त आहे. ढोल वाजवून मला उचलतील. पंढरीला हे कोणी नीट सांगितलेलं नाही, ढोल त्याला ऐकू येणार नाही. शुक्रवारी सकाळी तो नेहमीसारखा घरातून निघेल, कडेला येईल आणि टेकण्यासाठी डावा हात पुढे करेल.