टाचेचा इशारा

केपटाउनच्या त्या हॉटेलात शनिवारी दुपारी गोरे लोक नाचायला येत. रंगमंचावर सॅक्सोफोन घेऊन मिरवायचा कोबस, आणि वाजवायचा वूयिसिले, मागच्या पडद्याआड. काळ्यानं गोऱ्यांसमोर वाजवायचं नाही म्हणे, कायदा! कोबसच्या सॅक्सोफोनात चिंध्या कोंबलेल्या. नुसती बोटं नाचवायची, गाल फुगवायचे. कंटाळा आला की तो दोनदा टाच आपटे. वूयिसिले थांबे, कोबस वाकून टाळ्या घेई.

हा अपमान गिळायचा तो एका सहीसाठी. मॅनेजर रूसो दर महिन्याला वूयिसिलेच्या, शहरात राहायच्या परवान्याच्या पासावर सही करी, 'झाडूवाला, कामावर आहे'. सही चुकली की पोलीस त्याला उचलून शेकडो मैल दूर फेकणार, आणि बायको नोमाख्वेझी इथंच राहणार. त्याच्या म्हाताऱ्या आईला असंच आगगाडीत कोंबलं होतं. तिकडेच ती गेली. तिच्यासाठी त्यानं एक धून बांधली होती.

त्या शनिवारी कोबस पडद्याआड डोकावला. "आज ती आईवाली वाजव रे, एकटा असताना वाजवतोस ती. बायका रडतील."

"ती घरची आहे, साहेब."

"घरची? अरे, तुला घर तरी आहे का?"

मागून रूसो गुरगुरला, "जास्त शहाणपणा नको. सही उद्या आहे, लक्षात ठेव."

वूयिसिलेनं आपला सॅक्सोफोन गळ्यात अडकवला. बाहेर कोबस गळा काढून सांगत होता, "ही धून मी माझ्या आईसाठी बांधली."

मेल्या, तुझ्या आईसाठी? वूयिसिलेच्या तळपायाची आग मस्तकात गेली. तरी त्यानं वाजवायला घेतलं.

टाच दोनदा आपटली. कोबस सवयीनं कमरेत वाकला, आणि त्याच्या वाकलेल्या पाठीवरून धून चालूच! त्यानं पुन्हा टाच आपटली. छे! टाळ्या विरल्या. कुणीतरी ओरडलं, "वाजवतंय कोण?"

दोघातिघांनी पडदा ओरबाडून काढला. "काळा! काळ्याच्या तालावर नाचवलंत आम्हाला?" एकानं पेला फेकला, तो खांद्याला लागला. वूयिसिलेनं शेवटचा सूर पुरा केला आणि मगच तोंड उघडलं.

"ही माझ्या आईची. नोझिझ्वे तिचं नाव."

"सही विसर!" रूसो किंचाळला.

संध्याकाळी वूयिसिलेनं नोमाख्वेझीला सगळं सांगितलं. ती खाटेखालची पेटी ओढून त्याचे सदरे घड्या करू लागली.

"सासूबाईंचं नाव," तिनं मान वर न करता विचारलं, "मोठ्यानं घेतलंस ना?"