पोर्तलुराच्या धक्क्यावरून एकची बातमी

"एका जागी उभा राहतोस का, यूनन? फोकस लावू, की तुझ्यामागे धावत सुटू?" पॅकी कॅमेऱ्याआडून खेकसला.

यूनन गिल्डे अर्थातच एका जागी उभा राहिला नाही. धक्क्याच्या टोकापर्यंत गेला, समुद्राकडे पाहिलं, खिशातला फोन काढून पाहिला आणि परत आला. बातमीपत्राला अजून अकरा मिनिटं होती. पोर्तलुरात येऊन त्याला पाच दिवस झाले होते आणि पाचही दिवस त्याच्या अशाच येरझाऱ्या चालल्या होत्या. पायाला भिंगरी त्याची जुनीच. एकतीस वर्षं डब्लिनच्या वाहिनीचा, आयर्लंडच्या वायव्येकडच्या डॉनेगल परगण्याचा बातमीदार. पूर, निवडणुका, मेंढ्यांचे रोग, बंद पडलेले मासळीचे कारखाने, सगळं त्याने उभ्याउभ्या सांगितलं आणि जेवणही उभ्याउभ्याच उरकलं. त्याची बायको उना म्हणायची, "याला शवपेटीत आडवा करायला चार गडी लागतील."

गेल्या शुक्रवारी 'स्टेला' नावाची मासेमारीची होडी खडकावर आपटून फुटली होती. होडीवर दोघे होते. डिनी पोहत किनाऱ्याला लागला. कॉनल बॉयल लागला नाही. चौतीस वर्षांचा गडी, आईचा एकुलता एक. तेव्हापासून गावातल्या सगळ्या होड्या समुद्रावर होत्या, शाळेचा हॉल उघडा होता, आणि बायका तिथे भल्यामोठ्या पातेल्यात सूप ढवळत होत्या. आता कॉनल जिवंत सापडेल असं कोणाला वाटत नव्हतं. आईला पुरायला काहीतरी मिळावं, एवढ्यासाठीच हा आटापिटा होता.

दुसऱ्या दिवशी यूनन त्या आईला, मॅजला, भेटायला गेला होता. मॅजचा धाकटा भाऊ आणि तो शाळेत एका बाकावरचे. मॅजने त्याला स्वतः चहा करून दिला.

"टीव्ही चालू ठेवू की बंद करू, सांग मला," ती म्हणाली. "बंद केला तर जीव राहत नाही, चालू ठेवला तर धडकी भरते. उद्या तूच तिथे उभा राहून सांगशील, आणि मी इथे बटाटे सोलत बसलेली असेन."

"खुशाल चालू ठेव. आधी फादर मुल्डून तुझ्या दारात येतील, मग मी तोंड उघडेन. शब्द देतो."

"बघ हं. तुम्हा लोकांना घाई फार."

हा शब्द काही त्याने वरवर दिला नव्हता. नोकरीच्या पहिल्याच वर्षी त्याने एका अपघातात गेलेल्या मुलीचं नाव दुपारच्या बातम्यांत सांगून टाकलं होतं, घरच्यांना कळलं असेल अशा समजुतीने. तिचा बाप ट्रॅक्टरवर रेडिओ ऐकत होता. त्या दिवशी यूननने जो कानाला खडा लावला तो लावला. पुढे कितीदा तरी दुसऱ्या वाहिन्यांनी त्याच्या आधी नावं सांगितली, डब्लिनहून बोलणी बसली, बढती दोनदा हुकली. त्याने ते सगळं ऐकून घेतलं. आयुष्यभराच्या कमाईत त्याच्याकडे मिरवण्यासारखं हे एवढंच होतं, की त्यानंतर डॉनेगलमध्ये कोणाच्याही घरात मरण यूनन गिल्डेच्या तोंडून शिरलं नव्हतं.

"चार मिनिटं, यूनन," कानातल्या यंत्रातून डब्लिनची ऑर्ला म्हणाली. डेस्कवरची ही पोरगी त्याच्या मुलीच्या वयाची. "नवं काही आहे का? दुसऱ्या वाहिनीवाले म्हणतायत, काहीतरी दिसलंय."

"त्यांना म्हणू दे."

"म्हणजे दिसलंय?"

"मला कोणी सांगितलेलं नाही, ऑर्ला. सांगितलं की सांगेन."

एक वाजून तीन मिनिटांनी त्याची पाळी आली. पाठीमागे राखाडी समुद्र, डोक्यावर नेहमीची ट्वीडची टोपी, समोर पॅकी. पॅकीच्या मागे धक्क्याच्या भिंतीला टेकून गावातले पंधरावीस पुरुष उभे होते. यूननने हवामान सांगितलं, बुडी मारून शोधणाऱ्यांची संख्या सांगितली. आणि बोलता बोलता त्याच्या लक्षात आलं की भिंतीपाशी काहीतरी बदललंय. पुरुष आता त्याच्याकडे पाहत नव्हते. त्याच्या खांद्यावरून पलीकडे, खाडीच्या तोंडाकडे पाहत होते. तिकडून इंजिनाचा आवाज येत होता, अगदी संथ. जिवंत माणसाला घेऊन कोणी इतकं सावकाश येत नाही. पहिल्या म्हाताऱ्याने टोपी काढली. मग त्याच्या शेजारच्याने, मग ओळीने सगळ्यांनी.

"...शोध अजून चालू आहे," यूनन म्हणाला. आणि त्याचा उजवा हात वर गेला, टोपी काढून छातीशी आली. समुद्रातून माणूस घरी येतो तेव्हा पोर्तलुरात डोकं झाकून कोणी उभं राहत नाही. तो याच किनाऱ्यावर वाढलेला, हाताला वेगळं शिकवावं लागलं नव्हतं. टोपी हातात आल्यावर त्याला कळलं की आपण काय केलं. वाक्य त्याने पुरं केलं. आवाजही हलला नाही.

"छान झालं," ऑर्ला म्हणाली.

यंत्र उपटून तो गाडीकडे धावला. पण रस्त्यावर फादर मुल्डूनची गाडी आधीच मॅजच्या घराच्या चढणीला लागलेली दिसली, आणि तो थांबला. आता मागून जाऊन काय करणार होता?

संध्याकाळी ऑर्लाचा फोन आला. "यूनन, मी दोनदा पाहिलं. तू एक शब्दही चुकीचा बोललेला नाहीस."

"तोंडाने बोललो नाही गं," तो म्हणाला. "तेच तर."

दोन दिवसांनी कॉनलला घरी आणलं. यूननची घालमेल बघवत नव्हती. पॅकी म्हणाला, "जाऊ नकोस, तिच्या जखमेवर मीठ कशाला?" उना म्हणाली, "जा. नाहीतर उरलेला जन्म या स्वयंपाकघरात फेऱ्या मारशील आणि मला वेड लावशील." चार वाजता तो गेला. सहाला त्याला थेट बोलायचं होतं. पाच मिनिटं डोकवायचं आणि निघायचं, असं ठरवून.

रांग फाटकाबाहेर आली होती. घरात हॅमची सँडविचं, चहाचे कप, हलक्या आवाजातल्या गप्पा. बैठकीच्या खोलीत शवपेटी, तिच्याशेजारी मॅज उभी. भिंतीवरचं घड्याळ रिवाजाप्रमाणे, मरणाची खबर आली त्या वेळेवर, थांबवलेलं होतं. एक वाजून चार मिनिटं. यूननच्या पुढची बाई कुजबुजली, "फादर आले तेव्हा एक वाजून अकरा झाले होते. पण मॅजने काटे मागे घ्यायला लावले. का, ते सांगत नाही."

एक वाजून चारलाच यूननने टोपी काढली होती. त्याची पाळी आली. त्याने तिचा हात हातात घेतला.

"मॅज, माझं चुकलं. हात आपोआप वर..."

"चुकलंच," मॅज म्हणाली. डोळे कोरडे होते. "सात मिनिटं, यूनन. घर बायकांनी भरलेलं होतं. तू म्हणालास शोध चालू आहे, आणि त्या सगळ्या म्हणाल्या, बघ, अजून आशा आहे. तुझं तोंड बघत होत्या त्या. मी कोळ्याची मुलगी आहे. मी एकटी ते जाणून बसले होते, आणि त्या माझ्या हातात ब्रेड देत होत्या."

त्याने हात सोडवून घेऊ पाहिला, कारण मागे रांग खोळंबली होती. तिने सोडला नाही. उलट त्याला हलकेच ओढून आपल्या बाजूला, शवपेटीला लागून उभं केलं, आणि डावा हात पुढच्या माणसापुढे धरला.

खिशातला फोन थरथरू लागला. थांबला. पुन्हा सुरू झाला.

"तुझा वाजतोय," समोर पाहतच ती म्हणाली.

"हो."

"सहाची बातमी असेल."

"हो."

"आज सांगू दे दुसऱ्या कोणाला. त्या सात मिनिटांत माझ्याजवळ कोणी नव्हतं. तू इथे थांब."

तो थांबला. पुढे येणाऱ्या म्हाताऱ्याने मॅजचा हात दाबला आणि म्हणाला, "वाईट झालं, मॅज." मग शेजारी यूननला पाहून क्षणभर गोंधळला. पण मृताजवळ उभ्या असलेल्याला हात न देता पुढे जाता येत नाही, म्हणून त्याने यूननचाही हात घेतला. "वाईट झालं, यूनन."

याला घरचे काय उत्तर देतात ते यूननला ठाऊक होतं. त्याने तसाच म्हाताऱ्याचा हात दाबला. म्हाताऱ्याने मान हलवली आणि पुढच्याला जागा दिली.