ठाण्याचं गाठोडं

आमच्या वडिलांचे लाँड्रीत दोनच नियम होते. कपडा कोणाचा ते बघायचं नाही, डाग बघायचा. आणि आलेलं गाठोडं परत पाठवायचं नाही. तेव्हा कोळशाची इस्त्री होती. ठिणगी उडून कोणाच्या सदऱ्याला भोक पडलं, तर वडील स्वतः त्याच्या घरी जाऊन सांगून यायचे. समोरच्या पोलीस ठाण्याचे गणवेश तेव्हापासून आमच्याकडेच येतात. वडिलांमागे धाकट्या बहिणीने दुकान चालवलं. मीही नवरा गेल्यावर परत आले आणि तिच्याशेजारी घड्या घालत बसले.

धाकटीचा एकुलता एक मुलगा सायकलवरून कपडे पोचवून येत होता, तेव्हा एका गाडीने त्याला उडवलं. तो जागीच गेला. गाडी ठाण्याच्या इन्स्पेक्टरचा मेहुणा चालवत होता, हे भाजीवालीने आणि न्हाव्याने डोळ्यांनी पाहिलं. ठाण्याने दोघांचाही जबाब घेतला नाही. मुलगा प्यायलेला होता, स्वतःच आडवा आला, असं लिहून मोकळे झाले. खोकल्याच्या औषधानेही ज्याला गुंगी यायची, त्याच्याबद्दल हे.

तपास या ठाण्याकडून काढून दुसरीकडे द्या, असा अर्ज आमच्या वकीलबाईंनी कोर्टात केला. त्यावर कोर्टाने अहवाल मागवला, तोही त्याच ठाण्याकडून. आम्ही कोणाची बाजू घेत नाही, असं ठाण्याने कळवलं. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या म्हणतात, तशातली गत. मग कधी न्यायाधीश रजेवर, कधी कागद आले नाहीत, कधी सरकारी वकिलांना वेळ नाही. बाकावर बसून बसून माझे गुडघे आखडले.

या सगळ्यात धाकटी इन्स्पेक्टरच्या गणवेशाला इस्त्री करतच होती. मी चिडायचे. ती म्हणायची, "आक्का, बाबांच्या वेळचं गिऱ्हाईक. आलेलं गाठोडं परत कसं पाठवू?" आणि हे वकीलबाईंना सांगायला हवं, असं आम्हा दोघींनाही सुचलं नाही. रोजचा श्वास कोणी वकिलाला सांगतं का?

शेवटी सुनावणी झाली. सरकारी वकिलांनी कोपऱ्यात उभ्या असलेल्या इन्स्पेक्टरकडे बोट दाखवलं आणि विचारलं, बाई, हा गणवेश कोणी धुतला? मीच, धाकटी म्हणाली. सुरकुती शोधून सापडली नसती असं काम होतं. इतका अविश्वास, तर यांचे कपडे का धुता, असं त्यांनी विचारलं. वकीलबाईंनी कपाळाला हात लावला.

धाकटी म्हणाली, "साहेब, कपडे सोपवतात म्हणजे त्यांचा माझ्यावर विश्वास आहे. माझा त्यांच्यावर कुठे आहे?"

मागे कोणीतरी हसलं. तिचं वाक्य कोणी लिहून घेतलं नाही. अर्ज फेटाळला, अर्जदार आणि ठाणे यांचे संबंध सलोख्याचे दिसतात, असं निकालात आलं. वरच्या कोर्टात जाऊ, असं वकीलबाई म्हणाल्या, आणि जाताना हळूच, "काकू, आता ते कपडे तेवढे..." एवढंच.

दुसऱ्या दिवशी ठाण्याचा शिपाई नेहमीसारखा गाठोडं घेऊन आला. "मावशी, साहेबांना उद्या सकाळी लागेल."

धाकटीने हात पुढे केला नाही. "तुमच्या साहेबांच्या मेहुण्यावरचा आरोप तुम्हीच धुऊन काढलात ना? मग कपडेही तुम्हीच धुवा."

तो गाठोडं फळीवर ठेवून निघून गेला. गाठ सुटली होती. वरच्या सदऱ्याच्या कॉलरवर चहाचा डाग होता. धाकटी त्या डागाकडे बघत राहिली. इस्त्री तापून तिचा दिवा विझला, तरी ती बघतच होती.

"आक्का," ती म्हणाली, "मला नाही जमणार. तूच नेऊन ठेव त्यांच्या पायरीवर."

मी गाठोडं उचललं. रस्ता ओलांडताना लक्षात आलं, माझा अंगठा त्या सदऱ्याची चुरगळलेली बाही सरळ करतोय. मला माझाच राग आला. बाही तशीच सोडली आणि पायऱ्या चढले.