भुंगेरावांचा कोट

भुंगेरावांच्या बाहीवर चौथा भुंगेरा येऊन बसला, तेव्हा हेडमास्तर आपल्या बदल्यांच्या गावांची यादी सांगत होते. भुंगेरावांनी मान डोलावता डोलावता तो किडा अलगद चिमटीत धरला आणि सवयीने पुटपुटले, "चार."

"चार नाही, सहा," हेडमास्तर म्हणाले. "सहा गावं झाली. अजून तीन राहिलीत."

भुंगेरावांच्या बायकोने टेबलाखालून त्यांच्या पायावर पाय दिला. भुंगेराव ओशाळले आणि किडा मुठीत दाबून चहा प्यायले. पण किडे काही थांबेनात. पाचवा कॉलरवर बसला, सहावा खिशाच्या झाकणावर. विहीणबाई होऊ घातलेल्या बाईंनी आपली खुर्ची बोटभर मागे सरकवली. पाहुण्यांच्या अंगावर काय वळवळतंय हे विचारणं बरं दिसत नाही, आणि न विचारता बसवतही नाही, अशी त्यांची पंचाईत झाली होती.

खरं तर त्या दिवशी ठरवायचं असं काही नव्हतंच. भुंगेरावांची मुलगी आणि हेडमास्तरांचा मुलगा एकाच बँकेत शेजारशेजारच्या काउंटरवर बसत, आणि बाकीचं सगळं त्या दोघांनी मधल्या काचेवरूनच ठरवून टाकलं होतं. मोठ्यांनी फक्त एकत्र चहा प्यायचा आणि हो म्हणायचं, एवढंच उरलं होतं. तरी भुंगेराव खुर्चीच्या अगदी कडेवर बसले होते. ते वनसंशोधन केंद्रात मदतनीस. समोर नऊ शाळा गाजवलेला निवृत्त हेडमास्तर.

भुंगेराव हे त्यांचं खरं नाव नव्हे. पाइनच्या झाडांची साल पोखरणारा भुंगेरा नावाचा किडा असतो, गव्हाच्या दाण्यापेक्षाही लहान आणि काळपट. तो एकेकटा काही करत नाही, पण एकदा सुटला की डोंगरच्या डोंगर वाळवून टाकतो. त्याला पकडायला जंगलात सापळे टांगलेले असत, काळी नरसाळी एकाखाली एक अडकवलेली. आठवड्यातून एकदा सापळे रिकामे करायचे, डबीतले किडे मोजायचे, आकडा वहीत लिहायचा. हे काम भुंगेरावांनी एकतीस वर्षं केलं होतं. सुरुवातीला लोक चिडवायला भुंगेराव म्हणत, मग आदराने म्हणू लागले, आणि आता तर पगाराच्या पाकिटावरही कुणीतरी पेन्सिलीने तेच लिहीत असे.

सापळ्यात किडा आपणहून का येतो? तर आमिषाच्या पुडीमुळे. पहिला भुंगेरा झाडात शिरला की एक वास सोडतो. केंद्रातल्या संशोधक बाई त्याला मोठं जोडाक्षरी नाव देत. भुंगेरावांच्या मते त्याचा अर्थ एवढाच, की इकडे या, जागा आहे. मग शेकड्यांनी येतात. झाड भरलं की ते दुसरा वास सोडतात, त्याचा अर्थ, गाडी भरली, मागच्या गाडीने या. पहिला वास प्रयोगशाळेत तयार करून प्लास्टिकच्या पुडीत भरलेला असे, आणि ती पुडी सापळ्यात लटकवायची.

त्या दिवशी सकाळी नव्या पुड्या लावायचा वार होता. परत घरी येऊन कपडे बदलायला वेळ मिळणार नाही म्हणून भुंगेराव चांगला कोट घालूनच जंगलात गेले. वाटेत बायको म्हणालीही, कोटाला कसला उग्र वास येतोय. भुंगेरावांना तो वास येणं बंद होऊन वीस वर्षं झाली होती.

"तुम्हाला उकडत असेल," शेवटी हेडमास्तर म्हणाले. "कोट काढा की. संकोच कसला?"

भुंगेरावांनी कोट काढला. बसायला खुर्च्या अंगणातल्या पाइनखाली मांडल्या होत्या. हे झाड हेडमास्तरांनी पहिल्या नोकरीच्या वर्षी पत्र्याच्या डब्यातून, बसमध्ये मांडीवर घेऊन आणलेलं. आता दोन माणसांनी हात जोडले तरी कवेत मावत नव्हतं. दुपारी दोन ते चार ते त्याच्याच सावलीत बसत, आणि त्या वेळात त्यांच्याशी बोलायची घरात कुणाची छाती नव्हती. बुंध्यावर फांदीचा एक खुंट होता. भुंगेरावांनी त्यावर कोट अडकवला, उरलेली तीन गावं ऐकली, दोन्ही बाजूंनी हो झालं, आणि आनंदाच्या भरात कोट तिथेच विसरून ते घरी आले.

दुसऱ्या दिवशी मुलीने निरोप आणला, की कोट राहिलाय. बायको म्हणाली, राहू दे. परत जायला निमित्त झालं. घाईघाईने आणायला गेलात तर वाटेल, यांच्याकडे एकच कोट आहे. एकच होता, पण भुंगेरावांनाही ते पटलं. तिकडे विहीणबाईंनी कोट घरात घेऊ दिला नाही. त्याच्यावर किडे चढताहेत, म्हणाल्या, माझ्या कपाटात नको. त्यामुळे तो आठवडाभर, रणरणत्या उन्हात, झाडालाच टांगलेला राहिला.

पुढच्या रविवारी भुंगेराव एकटेच गेले. फाटकातून आत पाऊल टाकलं आणि ते जागच्या जागी थांबले. पाइनच्या सालीवर ठिकठिकाणी राळेचे पिवळट गोळे आले होते, आणि बुंध्याशी, सालीच्या भेगांत, कुणी दळण सांडावं तसा तांबूस भुसा साठला होता. निरोगी झाडात चार-दोन भुंगेरे शिरले तर झाड राळ सोडून त्यांना बाहेर ढकलतं. शेकड्यांनी शिरले तर राळ संपते. भुंगेरावांनी वीतभर जागेतली भोकं मोजली. अकरा. मग त्यांनी वर पाहिलं. सुया हिरव्यागार होत्या. झाडाला अजून कळलंही नव्हतं.

त्यांनी कोटाच्या खिशात हात घातला. आत एक जादा पुडी होती, कोपऱ्यात फाटलेली आणि पूर्ण कोरडी.

"यंदा जरा राळ जास्त आलीय," हेडमास्तर म्हणाले. "चांगली खूण का?"

भुंगेराव हो म्हणाले नाहीत, नाही म्हणाले नाहीत, कोट घेऊन सरळ घरी आले.

झाडाची नोंद करणं मात्र त्यांना चुकवता आलं नाही. किडा लागलेलं झाड दिसलं की फॉर्म भरायचा, हा एकतीस वर्षांचा नेम. त्यांनी झाडाचा घेर लिहिला, भोकं लिहिली, ठिकाण लिहिलं. 'कारण' या रकान्यापाशी पेन बराच वेळ थांबलं. मग त्यांनी लिहिलं, 'अज्ञात'. इतक्या वर्षांत हजारो आकडे लिहिले होते, त्यात एकही खोटा नव्हता. पहिलं खोटं लिहिलं ते हे, एका शब्दाचं.

तो फॉर्म वाचून संशोधक बाई खुर्चीवरून उठून उभ्या राहिल्या. सहा वर्षं त्या सगळ्यांना सांगत होत्या, की पलीकडच्या जंगलातली साथ एक ना एक दिवस नदी ओलांडणार. नदीच्या या बाजूला आजवर तुरळक किडे होते, झाड मारण्याएवढे कधीच नव्हते. परिषदांमधून लोकांनी बाईंना हसण्यावारी नेलं होतं. आता हातात पुरावा आला होता: नदीअलीकडचं धडधाकट झाड, आणि वीतभर जागेत अकरा भोकं. त्यांनी नकाशा काढला, तांबड्या पेन्सिलीने रेघ ओढली आणि शिफारस लिहायला घेतली. साथ गावात घुसण्याआधी हेडमास्तरांच्या रस्त्यावरचे सगळे पाइन तोडावेत. दोनशे तेरा झाडं. भुंगेरावांना त्या म्हणाल्या, तुमच्या डोळ्यांमुळे हे सापडलं.

भुंगेराव घरी येऊन पाटावर बसले आणि भाताशी चाळा करू लागले. शेवटी त्यांनी सगळं सांगून टाकलं. बायकोने आधी डोक्याला हात लावला. मग शांतपणे विचार करून म्हणाली, पुडी कुणी पाहिली नाही, कुणी पाहणारही नाही, लग्न तेवढं पार पडू द्या. भुंगेराव म्हणाले, दोनशे तेरा झाडं आहेत. ती म्हणाली, मुलगी एकच आहे.

मुलगी आतून सगळं ऐकत होती. ती आली, त्यांच्या ताटात आमटी वाढली आणि म्हणाली, "बाबा, तुम्ही सांगणार आहात हे आम्हाला दोघींनाही माहीत आहे. जेवून घ्या आणि मग सांगा."

दुसऱ्या दिवशी संशोधक बाई झाड बघायला हेडमास्तरांच्या अंगणात आल्या. सोबत टेप धरायला भुंगेराव. बाईंनी सालीचा एक तुकडा काढून हेडमास्तरांना दाखवला. आतल्या बाजूला किड्यांनी कोरलेले बारीक बोगदे होते, एखाद्याने घाईत लिहिलेल्या अक्षरांसारखे. झाड वाचणार नाही, असं बाईंनी शक्य तितक्या हळू आवाजात सांगितलं. तो तुकडा हेडमास्तरांनी वहीत चुका शोधाव्यात तसा उलटासुलटा करून पाहिला. मग बाई रस्त्यावरच्या बाकीच्या झाडांबद्दल बोलू लागल्या.

भुंगेरावांच्या हातून टेप सुटला आणि सर्रकन गुंडाळत गेला.

"बाई, साथ नदी ओलांडून आलेली नाही," ते म्हणाले. "ती माझ्या खिशातून आली."

मग त्यांनी सगळं सांगितलं. चांगला कोट, जादा पुडी, खुंट, आठवडा. सांगताना ते फक्त खाली पडलेल्या भुशाकडे बघत होते.

"म्हणजे," हेडमास्तर त्या खुंटाकडे बघत म्हणाले, "तुमच्या कोटाने माझं झाड खाल्लं?"

"कोटाने नाही. मी."

हेडमास्तर उठले, घरात गेले आणि दार लावून घेतलं. दार आपटलं नाही. आपटलं असतं तर भुंगेरावांना बरं वाटलं असतं.

बाईंनी चष्मा काढला, पदराने पुसला, परत लावला. सहा वर्षांची वाट पाहणं त्या पाच मिनिटांत मावळलं होतं, आणि ते त्यांच्या तोंडावर दिसत होतं. भुंगेरावांनी शिव्या खायची तयारी केली.

"किती दिवस होता कोट?" बाईंनी विचारलं.

"सात."

"जमिनीपासून किती उंचीवर?"

भुंगेरावांनी छातीपाशी हात धरून दाखवला. बाईंनी लिहून घेतलं. मग म्हणाल्या, फांदीवर होता की बुंध्याला टेकून? पुडी उजव्या खिशात की डाव्या? त्या विचारत गेल्या, लिहीत गेल्या, आणि तिसऱ्या पानावर त्यांचा आवाज हळूहळू पूर्वीसारखा झाला. जाताना त्यांनी नकाशावरची तांबडी रेघ खोडरबराने पुसली. कागदावर डाग मात्र राहिला.

तेवढ्यात विहीणबाई बाहेर आल्या. भुंगेरावांना वाटलं, आता लग्न मोडल्याचं ऐकायचं. पण त्या म्हणाल्या, "लग्न माणसांचं आहे, झाडाचं नाही. आमचे हे आतून बाहेर यायला वेळ घेतील. तुम्ही चहा घेऊन जा." आणि जरा थांबून, "कोट आणलाय का आज?" भुंगेराव नाही म्हणाले, तेव्हा त्यांनी खुर्ची पुढे केली.

नवीन किडे बाहेर पडायच्या आत झाड तोडावं लागलं. साल सोलायला केंद्र दोन मजूर देणार होतं, पण भुंगेरावांनी चार दिवस रजा टाकली आणि सगळी साल स्वतः सोलली, गोळा केली, जाळली. हेडमास्तर खिडकीशी उभे राहून पाहत. चौथ्या दिवशी खिडकीतून पाण्याचा तांब्या बाहेर आला. तो कुणाच्या हातात होता ते भुंगेरावांनी मान वर करून पाहिलं नाही.

लग्न झालं. हेडमास्तर सगळ्या पाहुण्यांशी भरभरून बोलले, फक्त भुंगेराव समोर आले की त्यांना कुणीतरी दूरचा माणूस हाक मारताना ऐकू येई. बाईंनी त्या झाडावर एक छोटा लेख लिहिला. सापळे उभ्या झाडांपासून किती लांब हवेत, त्याबद्दलचा. केंद्राच्या भिंतीवर एक सूचनाही लागली: आमिषाच्या पुड्या खिशात ठेवू नयेत. खाली कुणाचं नाव नव्हतं, पण नवा माणूस कामावर आला की सगळे आधी त्याला ती पाटी दाखवत आणि मग भुंगेरावांना.

पुढच्या उन्हाळ्यात मुलीने एक डबा सासरी पोचवायला सांगितला. भुंगेराव फाटकातून आत आले, तेव्हा दुपारचे अडीच वाजले होते. अंगण पांढरंफटक तापलं होतं. त्याच्या मधोमध, जुन्याच जागी, हेडमास्तर खुर्ची टाकून बसले होते. एका हातात उघडी छत्री, दुसऱ्या हातात पेपर. पेपर वाऱ्याने मिटत होता, आणि छत्री धरलेल्या हाताने तो सावरायला गेलं की छत्री कलंडत होती.

भुंगेरावांनी डबा ओटीवर ठेवला. परत जावं की थांबावं, त्यांना कळेना. मग त्यांनी ओटीवरची एक खुर्ची उचलली, हेडमास्तरांच्या जवळ, पण फार जवळ नाही अशी ठेवली, आणि उन्हात बसले. घाम कानामागून खाली उतरला. रस्त्यापलीकडच्या पाइनांच्या रांगेतून वारा आला आणि गेला.

थोड्या वेळाने हेडमास्तरांनी खुर्ची वीतभर सरकवली आणि छत्री डावीकडे कलती केली. भुंगेरावांच्या डोक्यावर सावली आली. हेडमास्तरांचा उजवा खांदा उन्हात गेला.

"हा कोपरा धरा," ते पेपर पुढे करत म्हणाले.