माणिकरावांचा आशीर्वाद

निवडणूक हरल्यावर अकराव्या दिवशी सकाळी माणिकराव दाढीला बसले आणि त्यांच्या उजव्या हातातला वस्तरा मोरीत गळून पडला. नागपूरला नेलं. दीड महिन्याने जीव घेऊन घरी आले, पण उजवं अंग लुळं पडलेलं आणि वाचा गेलेली. समजायचं सगळं. तोंडातून मात्र एकच शब्द निघायचा, ‘हां’. होकारालाही हां आणि नकारालाही हां. त्यातला फरक एकट्या सोजरबाईला ओळखू यायचा. नको असलं, की नवऱ्याच्या कपाळाच्या डाव्या बाजूची शीर फुगते, हे चाळीस वर्षांच्या संसारात तिला पाठ झालं होतं.

या माणसाने सगळं आयुष्य बोलण्यावर काढलं होतं. जैनथकडचे हे भाजीवाले. लग्न झालं तेव्हा दोघंही आदिलाबादच्या बाजारात वांग्यांच्या पाट्या घेऊन बसत. बाजारवसुलीचा ठेकेदार बायकांच्या पाट्या लाथेने उडवायचा. एके दिवशी माणिकराव ओट्यावर चढले आणि मराठी, हिंदी, मोडकीतोडकी तेलुगू, जी जिभेवर येईल त्या भाषेत तासभर बोलले. बाजार बंद पडला. ठेकेदार पुन्हा दिसला नाही. तिथून सरपंच झाले, मग मंडलाचे, म्हणजे तिथल्या तालुक्याचे अध्यक्ष, मग दोनदा आमदार. हैदराबादेत सभागृहात तेलुगू बोलताना त्यांना मराठी हेल यायचा. समोरचे आधी हसायचे, मग गप्प बसून ऐकायचे.

आणि त्यांना पाडलं ते घरच्याच माणसाने. संतोष त्यांचा पुतण्या. बाप सर्पदंशाने गेला तेव्हा सहा वर्षांचा होता. सोजरबाईने त्याला पोटच्या पोरासारखं वाढवलं. मतदारयाद्या, गाड्या, सभा, सगळा कारभार पुढे त्याच्याच हाती आला. तिसऱ्या निवडणुकीच्या आठ दिवस आधी तो गावोगावचे कार्यकर्ते घेऊन दुसऱ्या पक्षात गेला. माणिकराव चौदाशे मतांनी पडले. वाचा जायच्या आदल्या दिवशी ते एवढंच म्हणाले होते, “त्याचं नाव या घरात नको.”

पुढच्या निवडणुकीत संतोषला तिकीट मिळालं. एका दुपारी तो काकूकडे आला. ओसरीवर बसला, पाणी मागून घेतलं. लोक त्याला अजून दगाबाज म्हणतात, काका एकदा शेजारी बसले तर हे बोलणं बंद होईल, असं त्याने आडवळणाने सांगितलं. सोजरबाई रिकामा पेला उचलून उठली. मग तो हळूच म्हणाला, “तेजू रोज बाजारहत्नूरले जाऊन राह्यली ना, काकू? या दिवसांत?”

तेजस्विनी त्यांची एकुलती एक लेक, बाजारहत्नूरच्या शाळेत शिक्षिका. नवरा निजामाबादला नोकरीला. बापाला उठवायला-बसवायला कोणी नाही म्हणून ती माहेरी राहायची आणि दोन बसगाड्या बदलून शाळेला जायची. त्या रस्त्याच्या धक्क्यांनी दोनदा पोट पडलं होतं, असं सोजरबाई मनात धरून बसली होती. आता तिसऱ्यांदा दिवस गेले होते, चौथा महिना लागला होता. बदलीसाठी तेजस्विनीने सगळे उंबरे झिजवले होते, पण पडलेल्या आमदाराच्या लेकीला कोण विचारतो?

“इथं घराजवळ, जैनथच्या शाळेत डेप्युटेशनवर बदली करून देतो,” संतोष म्हणाला. “काकाले फक्त अर्धा घंटा बसवा. बोलाचं काईच नाई.”

सोजरबाईने दोन दिवस घेतले. तिसऱ्या दिवशी तिने नवऱ्याला आंघोळ घातली, इस्त्रीचा पांढरा सदरा चढवला आणि सांगितलं, “नागपूरचे डॉक्टर आदिलाबादले आले. दाखवून येऊ.” ते खुशीत गाडीत बसले. वाटभर डाव्या हाताने उजव्या हाताची बोटं चोळत होते.

गाडी मैदानात शिरली. झेंडे दिसले, तसं त्यांनी बायकोकडे पाहिलं. ती त्यांच्या गुडघ्यावरची शाल नीट करीत राहिली.

चौघांनी खुर्चीसकट त्यांना स्टेजवर नेलं. संतोष पाया पडला, गळ्यात पक्षाचा कंडुवा घातला. माणिकरावांनी डाव्या हाताने तो उपरण्यासारखा पट्टा खेचला, पण संतोषने तोच हात पकडून वर उचलला. टाळ्या झाल्या. मग त्याने माईक काकांच्या तोंडापुढे धरला.

“काका, मी तुमचाच माणूस ना?”

“हां!” माणिकराव ओरडले. “हां! हां! हां!”

डोळ्यांतून पाण्याच्या धारा लागल्या होत्या. कपाळावरची शीर तट्ट फुगलेली सोजरबाईला खालूनही दिसत होती. सगळं मैदान उठून उभं राहिलं. शेजारची एक म्हातारी पदराने डोळे पुसत म्हणाली, “पोरावर लई जीव आहे वो माणिकरावायचा.”

संतोष निवडून आला. शब्दालाही जागला, पंधरा दिवसांत तेजस्विनीच्या हाती जैनथच्या शाळेचा कागद पडला. सभेला बाबा आपणहून गेले, असंच ती समजत होती; आणि कागदाचं तिला वाटलं, अर्ज केला होता, त्याचाच हा निकाल.

त्या सभेपासून माणिकरावांनी बायकोच्या हातचा घास घेतला नाही. ती ताट घेऊन आली, की ओठ घट्ट मिटायचे. तेजस्विनीने भरवलं तर मुकाट्याने जेवायचे. “बाबा म्हातारपणी लाडावले,” असं ती हसून म्हणायची. सोजरबाई स्वयंपाक करायची, ताट दारापाशी लेकीच्या हाती द्यायची आणि बाहेर भिंतीला टेकून बसायची.

एकदा तेजस्विनी शाळेत असताना ती आत गेली. खाटेजवळ खाली बसली.

“तेजूसाठी केलं,” ती म्हणाली. “माह्या हाती दुसरं काय होतं?”

माणिकरावांनी तिच्याकडे पाहिलं. मग त्यांनी मान भिंतीकडे वळवली.

दिवस भरले आणि तेजस्विनीला मुलगी झाली. नातीला बाराव्या दिवशी त्यांच्या कुशीत ठेवलं, तेव्हा डावा हात तिच्या अंगावर टाकून ते झोपी गेले. सोजरबाईने ते दारातून पाहिलं.

भाद्रपदात त्यांना पुन्हा झटका आला. आता काही तासांचीच गोष्ट, असं डॉक्टरांनी सांगितलं. माणसं जमली. बयनाबाई नावाच्या शेजारणीने पाण्याची वाटी आणि चमचा आणून सोजरबाईच्या हाती दिला. मालकांच्या मुखात पाणी घाल म्हणाली. सगळे बाजूला सरले.

सोजरबाई वाटी घेऊन खाटेपर्यंत गेली. मिटलेल्या ओठांकडे तिने पाहिलं. मग मागे वळली आणि वाटी तेजस्विनीच्या हाती दिली.