बाहेर पडायचं कलम

सिद्धराम लवटेनं युरोप कधी बघितला नव्हता, पण सोलापुरातल्या एका कॉलेजात अठ्ठावीस वर्षं तो युरोपच शिकवत होता. सकाळी शुक्रवार पेठेतल्या खोलीला कुलूप घालायचं, फळ्यावर सत्तावीस देशांची नावं लिहायची आणि पोरापोरींना सांगायचं की, बाबांनो, हे एकमेकांची डोकी फोडून दमले, म्हणून शेवटी एका पंगतीला बसले. सुरुवातीच्या वर्षांत हे सांगताना त्याचा आवाज चढायचा. आता कुठला चढतोय! ब्रिटन भरल्या पंगतीतून उठून गेलं. उरलेल्यांत एक रुसला की बाकीचे सव्वीस बसतात बोंबलत. आणि मागच्या बाकावरून प्रश्न येतो, "सर, हे परीक्षेला आहे का?" आहे रे बाबा, सहा मार्कांना आहे. निवृत्तीला एक वर्ष राहिलं होतं आणि तेवढं रेटायचं, एवढाच त्याचा बेत होता.

अशा दमलेल्या माणसाच्या गळ्यात सात वाड्यांनी आपली एकी अडकवली. नसतं लोढणं, दुसरं काय!

वाड्या सांगोल्याकडच्या, कोरड्या माळावरच्या, सगळ्या मेंढरंवाल्या धनगरांच्या. सिद्धराम त्यांतल्याच लवटेवस्तीचा. दसरा झाला की मेंढरं घेऊन निघायचं ते करकंब, माळशिरसकडं, उसाच्या पट्ट्यात. तिथं लोकांच्या शेतात मेंढरं बसवायची, लेंडीखत द्यायचं आणि बदल्यात धान्य घ्यायचं. पण वाडीवाडीचा कळप वेगळा, पाठीवरची खूण वेगळी. कुणाचा गेरूचा पंजा, कुणाचा हिरवा पट्टा. मागच्या साली तीन वाड्यांची मेंढरं वाटेत चोरीला गेली ती गेलीच. एकट्या वाडीचं गाऱ्हाणं कोण ऐकतोय?

तेव्हा बिरदेव करांडे नावाचा एक खटपट्या माणूस उठला. म्हणाला, सातांचा एक संघ करू. चराईचा एक परवाना, जनावरांचा एक डॉक्टर आणि सगळ्या मेंढरांवर एकच निळी खूण. मग चोरलेलं मेंढरू कुठल्याही बाजारात दिसलं तरी सातांतला कुणीही त्याचा कान धरील. नियम लिहायला मात्र शिकलेला माणूस पाहिजे, आणि वाड्यांत शिकलेला म्हणजे लवटे सर.

सिद्धरामनं नियम लिहिले. सवय कुठं जाते? त्यानं आख्खा युरोप उचलून माळावर आणून ठेवला. अध्यक्षपद दर सहा महिन्यांनी वाडीवाडीनं फिरणार. मोठी वाडी असो की चार खोपटांची, सातही वाड्यांची सही झाल्याशिवाय संघ उभा राहणार नाही आणि पुढं एकही नियम बदलणार नाही. आणि सगळ्यात शेवटी एक कलम होतं, की ज्या वाडीला संघात राहायचं नसेल तिनं दसऱ्याआधी कळवावं आणि आपली मेंढरं घेऊन मोकळं व्हावं.

हे कलम बैठकीत वाचलं तसा बिरदेव मोठ्यांदा म्हणाला, "सर, लग्नाच्या मांडवात काडीमोडाचं कशाला वाचताय?"

सगळे खो खो हसले. सिद्धराम तीन तास बोलून थकला होता, त्याला एस.टी. गाठायची होती. शिवाय बिरदेवचं अगदीच चूक होतं असंही नाही. वर्गात तो स्वतःच सांगायचा की, बाहेरची वाट दाखवली की माणसं आत बसल्या बसल्या त्या वाटेकडंच बघत राहतात. तोही हसला आणि त्या कलमावर त्यानं आडवी रेघ मारली.

सहा वाड्यांच्या सह्या आठवड्याच्या आत झाल्या. सातवी अडली ती लवटेवस्तीची. तिथं सहीचा मान होता सिद्धरामच्या थोरल्या बहिणीचा, मायाक्काचा, कारण वस्तीतली निम्मी मेंढरं तिची. ती काही बोलेना आणि अंगठाही देईना. संघाच्या नोंदणीचा अर्ज द्यायची शेवटची तारीख सोमवार.

"सर, तुमी सांगितला हुता त्यो अडवा देश तुमच्याच घरात निघाला की!" बिरदेव फोनवर म्हणाला. "बापाची गेरूची खूण पुसायची न्हाय म्हनून बसली असनार म्हातारी. तुमच्या शब्दाभाईर न्हाय ती. या एकदा."

रविवारी सकाळच्या गाडीनं सिद्धराम निघाला. सांगोला स्टँडवर बिरदेव मोटारसायकल घेऊन उभाच होता. वस्तीवर पोचले तेव्हा मायाक्का एका मेंढीचा पाय मांडीवर घेऊन खुरातला काटा काढत होती. तिनं मान वर केली नाही.

"आलास? रांजनातलं पानी घे. वाळलायस लई."

सिद्धराम पाणी प्याला, तिच्याजवळ जमिनीवरच बसला. वाटेत जुळवून आणलेलं सगळं भाषण त्याला एकदम नकोसं झालं. "आक्का," तो म्हणाला, "गेरूसाठी अडून बसलीस होय? बाची खूण म्हणून?"

"गेरूला काय सोनं लागलंय? लाल काय आन निळं काय, दोन पावसात धुऊन जातंय."

"मग अडलंय कुठं?"

मायाक्कानं काटा काढला, मेंढीला सोडलं आणि हात लुगड्याला पुसले. "त्या कागदात भाईर पडायचं लिवलं हुतं म्हनं. तू खोडलंस. खरं हाय का?"

बिरदेव मधे पडला. "मायाक्का, आवं आत शिरतानाच भाईर जायची भाषा..."

"तू थांब. मी माज्या भावाला इचारतीया."

"खोडलं," सिद्धराम म्हणाला. "आक्का, वाट ठेवली की माणसं जातात. युरोपात एक एवढा मोठा देश गेला. एक गेला की दुसऱ्याच्या मनात येतं. मग एकी राहतीय कशाची?"

"मला तुजा युरोप ठावं न्हाय. बिरदेव काडीमोड म्हनला, समदी हासली. तू बी हासलास म्हनं."

मेंढरं ओरडत होती, आणि सिद्धरामला सात वर्षांचा असतानाची एक सकाळ आठवली. आक्का तेव्हा सतरा वर्षांची. जतकडच्या सासरहून दोन दिवस चालत आली होती, ओठ फाटलेला, एका पायात चप्पल नाही. पंच जमले. एकेक जण सांगू लागला, पोरीच्या जातीनं सोसावं, आज परत पाठवा, उद्या सगळं ठीक होईल. सगळ्यांचं ऐकून झाल्यावर त्यांच्या बापानं, येडू लवटेनं, जमिनीवरची एक वाळकी काडी उचलली, पंचांसमोर कडकन मोडली आणि म्हणाला, "माजी पोरगी हितं ऱ्हानार." पुढं येडूला जमेना तेव्हा कळप तिनं सांभाळला, आणि धाकट्या भावाला सोलापूरच्या वसतिगृहात ठेवलं. त्या काडीवर सिद्धराम शिकला होता. आणि काडीमोड ऐकून भर बैठकीत तो दात काढून हसला होता. त्याला स्वतःची अशी शरम वाटली की बहिणीकडं बघवेना.

"बानं काडी मोडली तवा कुनी हासलं न्हवतं," मायाक्का म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता, आणि तेच त्याला जास्त लागलं. "एकी नगं आसं कुटं म्हनलं मी? एकट्यानं मेंढरं राखायचं काय आसतंय ते मला कोन सांगनार? पर मी एकदा आशा घरात ऱ्हायले हाय जितनं भाईर पडायची सोय न्हवती. तितं मानूस नांदत न्हाय रं. निस्तं आडकून पडतंय."

मग तिनंच उजव्या हाताचा अंगठा पुढं केला.

"आन तुजा कागद. तू म्हंतूयास तर देते. तू चार बुकं शिकलायस."

बिरदेवनं लगबगीनं शाईची डबी उघडून धरली. झालं की! एक अंगठा, आणि सोमवारी अर्ज. सिद्धराम संध्याकाळच्या गाडीनं घरी जाऊन आडवा होऊ शकत होता. दहा दिवस त्याच्या डोक्याला हाच घोर होता, आणि आता तो मिटत होता. त्यानं पिशवीतून कागद काढला, तिच्या समोर धरला, आणि तिचा अंगठा शाईला लागायच्या आत परत ओढून घेतला.

"थांब आक्का," तो म्हणाला. खिशातलं पेन काढून त्यानं खोडलेलं कलम खाली मोकळ्या जागेत पुन्हा लिहिलं, शब्दाला शब्द. घाईत अक्षर वाकडं आलं.

"सर!" बिरदेव ओरडला. "सहा सह्या पान्यात गेल्या! नियम बदलला तर सातांची सही लागनार, तुमीच लिवलंय. उद्या दुपारच्या आत सहा वाड्या कोन फिरनार?"

"आपण फिरणार."

"आन ह्यो कागद बगून दोन वाड्या गळाल्या म्हंजे?"

"गळाल्या तर गळाल्या," सिद्धराम म्हणाला. "मला नको रे तसली एकी. अठ्ठावीस वर्षं मी पोरांना सांगतोय की संघात राजीखुशीनं यायचं असतं. आणि स्वतःच्या बहिणीला नाइलाजानं आत ढकलत होतो."

मायाक्कानं कागदावर अंगठा उठवला, ओल्या शाईवर फुंकर मारली. "भाकरी खाऊन जावा," ती म्हणाली. भाकरी खायला वेळ नव्हता, तिनं ती बांधून दिली.

मग ती फरफट सुरू झाली. दगडाधोंड्यांची वाट, भर ऊन, आणि सत्तावन्न वर्षांची कंबर. प्रत्येक वाडीत तेच. खाट टाका, चहा ठेवा, माणसं गोळा करा, वाचा. पुरुष मंडळी कुरकुरली, एकदा झालेलं पुन्हा कशाला म्हणाली, पण सह्या देत गेली. मेटकरीवाडीचा म्हातारा तर सही करता करता म्हणाला, "बरं केलं सर. औंदा येतो, पुढच्या साली बगू." बिरदेवनं कपाळावर हात मारला. सिद्धरामला वाद घालायचं त्राण नव्हतं. जाईल तेव्हा जाईल, त्यानं मनाशी म्हटलं.

एक गोष्ट मात्र त्याच्या ध्यानात आली. पहिल्या वेळी सह्या घेताना बायका चहा ठेवून आत जायच्या. या वेळी नवं कलम वाचलं की कुठल्या तरी वाडीत भिंतीकडनं, कुठं चुलीपासून आवाज यायचा, "त्ये शेवटचं परत वाचा की." तो परत वाचायचा. त्या ऐकायच्या, एकमेकींकडं बघायच्या, आणि मग आपल्या कामाला लागायच्या.

दिवस कलला तेव्हा सहावी सही राहिली होती, ती खुद्द बिरदेवच्या वाडीची. दिवसभर चिडचिड करून बिरदेव थकला होता. स्वतःच्या अंगणात खाटेवर बसला आणि म्हणाला, "द्या हिकडं, सही करतो. वाचायची गरज न्हाय, पाठ झालंय."

त्याची बायको जगदेवी पाण्याचा तांब्या घेऊन दारात उभी होती. बिरदेवसमोर ती बोलल्याचं सिद्धरामनं कधी ऐकलं नव्हतं. तिनं तांब्या खाली ठेवला.

"सर," ती म्हणाली, "मला वाचून दावा. सावकाश."

बिरदेवनं मान वर केली आणि तिच्याकडं बघून लगेच खाली घातली. सिद्धरामनं चष्मा पुसला. पुन्हा एकदा, शब्द न शब्द सुटा करून, त्यानं ते कलम वाचलं. ज्या वाडीला संघात राहायचं नसेल तिनं दसऱ्याआधी कळवावं आणि आपली मेंढरं घेऊन मोकळं व्हावं. म्हणजे कुणी अडवणार नाही, असंही त्यानं सांगितलं.

जगदेवीनं ते दोनदा ओठांतल्या ओठांत म्हणून बघितलं.

"आता घ्या ह्यांची सही," ती म्हणाली, आणि तिनं पाण्याचा तांब्या नवऱ्याच्या हातात दिला.