जुन्या लेबलांच्या खोक्यावर

काजू महागले तसं भाऊजींनी आमच्या बेकरीच्या बिस्किटांत काजूऐवजी गुपचूप शेंगदाण्याचं कूट घालायला सुरुवात केली. चवीतला फरक कुणाला कळला नाही, मलाही नाही. मला कळलं ते कोपऱ्यातली शेंगदाण्याची पोती बघून. पाकिटांवर मात्र तीच जुनी लेबलं: मैदा, साखर, लोणी, काजू.

"हे चालणार नाही," मी म्हटलं. "शेंगदाण्याने एखाद्याचा घसा सुजतो, श्वास अडकतो. लेबलावर लिहायलाच हवं, कायदा आहे."

"खोकंभर लेबलं उरलीत," मामंजी म्हणाले. "ती संपू देत, मग बघू. आजवर कुणी मेलंय?"

"मेलेला माणूस तक्रार करायला येत नाही, मामंजी."

भाऊजी हसले. "वहिनी, तुम्ही शिकलेल्या, म्हणून बेकरीच्या परवान्यावर जबाबदार व्यक्ती म्हणून तुमचं नाव घातलं. नावापुरतं! लगेच साहेब झालात?"

बाहेर टेम्पो उभा होता आणि आजच्या पाकिटांना लेबलं लावायची बाकी होती. भाऊजी लेबलांचं खोकं उचलायला वाकले, तेवढ्यात टोपलीत झोपवलेलं बाळ रडलं. मी त्याला घेतलं, त्याच खोक्यावर बसले, ओढणी ओढली आणि पाजायला लागले.

दोघेही पुरुष दार ओढून बाहेर पळाले.

थोड्या वेळाने जाऊबाई आत आली. "ताई, मामंजी लालबुंद झालेत. किती वेळ पाजणार?"

"पोट भरेपर्यंत."

तिने वाकून पाहिलं. बाळ कधीच झोपलं होतं. ओठांच्या कोपऱ्यात दुधाचा थेंब, तोंड उघडंच. तिने स्टूल ओढलं, माझ्याशेजारी बसली आणि दाराकडे तोंड करून ओरडली, "अजून पितंय!"

टेम्पोने हॉर्न वाजवला. पुन्हा वाजवला.

"सूनबाई, दुकानदार दुसरीकडे जाईल!"

"जाऊ दे. खरं लेबल घेऊन मी स्वतः त्याच्याकडे जाईन. पण माझ्या नावावर हे पाकीट जाणार नाही."

"नाव नावापुरतं होतं, म्हटलं ना!" भाऊजी बाहेरून ओरडले.

"मग आधी ते काढा. तोवर मी इथून उठत नाही."

टेम्पो रिकामा गेला. पाय अवघडून मुंग्या आल्या, बाळाच्या केसांना घामाचा गोड वास येत होता. मी हलले नाही.

बऱ्याच वेळाने दारापलीकडून मामंजींचा आवाज आला, निम्म्यावर आलेला. "नव्यावर काय छापायचं, ते तरी सांग."

"शेंगदाणे, ठळक अक्षरात. आणि काजू काढा."

"काजूपण?" भाऊजी कळवळले.

"आहेत का त्यात?"

दारापलीकडे भाऊजी नुसतेच खाकरले.

"मग काढा."